जोधाबाईच्या आधीची दुर्गाबाई

मैत्रिणींनो, दिवाळी सरली की आपल्या झाडीपट्टीत मंडई सुरू होतात, हे तुम्हाला मी काय सांगायचं! धान कापून झालेलं असतं, हातात थोडाफार पैसा असतो, लेकीबाळी माहेरी आलेल्या असतात. दिवसा मंडईत फिरायचं आणि रात्री नाटक. तणशीवर सतरंजी टाकायची, अंगावर शाल-चादर घ्यायची आणि पहाटेपर्यंत बसायचं. साकोली म्हणा, लाखांदूर म्हणा, पवनी म्हणा, सगळीकडे हेच.

दोन वर्षांपूर्वी अशाच एका नाटकात नायिकेचं काम करणारी बाई फार छान होती. तिशीची असेल. रडण्याच्या प्रवेशात तिनं आम्हा सगळ्या बायांना रडवलं. मध्यंतरात कळलं की तिला दोन लहान मुलं आहेत, नवरा नाही, आणि सीझनभर ती गावोगाव फिरते. मग आमच्या सतरंजीवर जी कुजबुज सुरू झाली ती विचारू नका. खोटं कशाला बोलू, मीही त्यात होते. घरंदाज बाईला हे असलं करायची काय गरज, शिवणकाम करता आलं नसतं का, असं मी म्हटलं. अगदी सहज म्हटलं आणि डब्यातला चिवडा पुढे केला.

त्यानंतर काही दिवसांनी वाचनालयातून दुर्गा खोटे यांचं ‘मी, दुर्गा खोटे’ हे आत्मचरित्र हाती लागलं. १९८२ साली आलेलं हे पुस्तक. वाचता वाचता मला त्या रात्रीचं माझंच वाक्य आठवत राहिलं आणि लाज वाटली. म्हणून आज दुर्गाबाईंबद्दल लिहिते आहे.

माझ्या वयाच्या बायांना दुर्गाबाई आठवतात त्या म्हाताऱ्या. ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई, ‘बॉबी’मधली आजी, ‘अभिमान’मधली मावशी. माझ्या आईनं मला टॉकीजमध्ये ‘मुगल-ए-आझम’ दाखवला तेव्हा मी शाळेत होते. मधुबालेच्या पोशाखात माझा जीव अडकला होता, पण आई मात्र जोधाबाईसाठी डोळे पुसत होती. एका बाजूला नवरा, दुसऱ्या बाजूला मुलगा, आणि मध्ये ती. आईला ते जास्त जवळचं वाटलं असणार. मला वाटायचं, ही बाई जन्मतःच आई म्हणून जन्माला आली असेल. तरुण दुर्गाबाई कशा होत्या, याचा विचारही कधी मनात आला नाही.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा. मुंबईतलं लाड यांचं घर, मूळचं गोव्याकडचं, घरात कोकणी बोलली जायची. वडील पांडुरंग लाड नामांकित सॉलिसिटर. गिरगावच्या कांदेवाडीतलं मोठं एकत्र कुटुंब, नोकरचाकर, इंग्रजी शाळा. कॅथेड्रल शाळेत आणि पुढे सेंट झेवियर्स कॉलेजात शिकलेल्या. आपल्या आज्यांच्या काळात मुली चौथीच्या पुढे जात नव्हत्या, तेव्हाची ही गोष्ट आहे हे लक्षात घ्या. कॉलेजात असतानाच लग्न ठरलं. सासर खोटे यांचं, तेही मोठं श्रीमंत घराणं. नवरा विश्वनाथ खोटे इंजिनिअर. बकुळ आणि हरिन असे दोन मुलगे झाले. आता यात कमी काय होतं? पाहुणे आले की हेवा वाटावा असा संसार.

पण श्रीमंती ही कागदावरची असते कधी कधी. सासरचा पैसा गेला. नवऱ्याची साथही फार लवकर सुटली. तरुण वयातच दोन लहान मुलांची जबाबदारी एकटीच्या खांद्यावर आली. सासरचा आधार होता, माहेरचाही होता. पण आधार घेऊन राहणं कसं असतं, हे जिनं घेतलाय तिलाच विचारावं. ताटात वाढणाऱ्याच्या मनात काही नसतं, तरी घास घशाखाली उतरत नाही. दुर्गाबाईंनी आधी शिकवण्या केल्या. शिकलेल्या होत्या, ते तरी उपयोगी पडलं. पण शिकवण्यांवर दोन मुलं वाढवणं तेव्हाही जमण्यासारखं नव्हतं.

त्याच सुमारास बोलपट सुरू झाले होते. ‘आलम आरा’ १९३१ च्या मार्चमध्ये आला. आणि सिनेमाला आता नुसता चेहरा पुरेना, बोलता-गाता येणारी माणसं हवी झाली. बहिणीच्या ओळखीतून एक छोटीशी भूमिका चालून आली. सिनेमाचं नाव ‘फरेबी जाल’. कथा काय, सिनेमा कसा, याची फारशी चौकशी न करता दुर्गाबाईंनी काम केलं. पैशाची गरज होती, दुसरं काय! सिनेमा आला आणि पडला. पण पडताना दुर्गाबाईंना घेऊन पडला. लाडांची मुलगी, खोट्यांची सून पडद्यावर, तीही असल्या सिनेमात! गिरगावात काय चर्चा झाली असेल याची कल्पना तुम्हीच करा. आमच्या सतरंजीवर झाली तीच, फक्त जरा चांगल्या साड्या नेसलेल्या बायकांनी केलेली.

इथं एक गोष्ट सांगायलाच हवी. दुर्गाबाई सिनेमात काम करणाऱ्या पहिल्या बाई नव्हत्या. तो मान दुसऱ्या एका दुर्गाबाईंचा, दुर्गाबाई कामत यांचा. नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पोटासाठी नाटकात आलेल्या. दादासाहेब फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये १९१३ साली त्यांनी पार्वतीचं काम केलं आणि त्यांची लेक कमला मोहिनी झाली. ही कमला म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी. त्या मायलेकींना समाजानं वाळीत टाकलं. त्यांच्या बाबतीत लोकांना म्हणायला एक सबब तरी होती, की त्या नाटकवाल्याच आहेत. खोट्यांच्या सुनेच्या बाबतीत तीही सोय नव्हती. ती आपल्यातलीच, हळदीकुंकवाला येणारी. म्हणून राग जास्त.

एवढं झाल्यावर दुसरी एखादी पुन्हा त्या वाटेला गेली नसती. दुर्गाबाईंनाही तसंच वाटलं असेल. पण कोल्हापूरच्या प्रभात कंपनीत व्ही. शांताराम मराठीतला पहिला बोलपट काढत होते, ‘अयोध्येचा राजा’. हरिश्चंद्र-तारामतीची गोष्ट. हरिश्चंद्राच्या कामाला गोविंदराव टेंबे होते. तारामतीसाठी विचारणा दुर्गाबाईंना झाली. पौराणिक कथा, सती तारामती, चांगली माणसं. त्या हो म्हणाल्या.

आता गंमत बघा. फाळक्यांनी १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ काढला तेव्हा तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती. कुणीच तयार होईना. शेवटी उपाहारगृहात स्वयंपाकी असलेल्या साळुंके नावाच्या तरुणाला लुगडं नेसवून तारामती केलं. आपल्याकडच्या दंडारीत पुरुष लुगडी नेसून नाचायचे, तसंच. बरोबर १९ वर्षांनी, १९३२ च्या फेब्रुवारीत, तीच तारामती सेंट झेवियर्स कॉलेजात शिकलेली, दोन मुलांची आई असलेली एक बाई करत होती. स्वतःच्या आवाजात बोलत होती, स्वतःच गात होती. तेव्हा आजच्यासारखं मागून कुणी गाणारं नसायचं. कॅमेऱ्यासमोर उभं राहून अभिनय करायचा आणि त्याच वेळी गायचंही. सूर चुकला की सगळं पुन्हा. एकच सिनेमा मराठीत आणि हिंदीत असा दोनदा करायचा. म्हणजे तारामतीचं दुःखही दोनदा भोगायचं.

आणि ते दुःख तरी कसलं? राज्य गेलेलं, राणी बाजारात विकायला उभी, पदराला मूल. मला तर वाटतं, त्या वेळी दुर्गाबाईंना फार अभिनय करावाच लागला नसेल. पण हे माझं आपलं वाटणं झालं.

सिनेमा चालला. जोरात चालला. आणि मैत्रिणींनो, यशाचा महिमा कसा असतो पाहा, जी माणसं काल नावं ठेवत होती तीच आता कौतुक करू लागली. महत्त्वाचं म्हणजे, दुर्गाबाईंमुळे शिकलेल्या, चांगल्या घरच्या म्हणवणाऱ्या मुलींसाठी सिनेमाचं दार थोडं किलकिलं झालं. पुढे शांता हुबळीकर, वनमाला, लीला चिटणीस अशा कितीतरी जणी आल्या. प्रत्येकीची घरची कहाणी वेगळी. पण त्यांना आपल्या वडीलधाऱ्यांपुढे एक नाव घेता येत होतं.

त्या काळी नटनट्या कंपनीत महिन्याच्या पगारावर असत, गिरणीत असतात तशा. एका कंपनीचं काम घेतलं की दुसरीकडे जायचं नाही. दुर्गाबाईंनी हे बंधन मानलं नाही. प्रभातचं काम केलं, आणि कलकत्त्याला जाऊन तिथल्या कंपन्यांचंही केलं. देवकी बोस या दिग्दर्शकाबरोबर ‘राजरानी मीरा’ आणि १९३४ साली ‘सीता’. हा ‘सीता’ परदेशात व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यात राम होते पृथ्वीराज कपूर. मध्ये २६ वर्षं गेली आणि १९६० साली तेच राम-सीता अकबर आणि जोधाबाई होऊन पडद्यावर आले. पुढच्या वेळी टीव्हीवर ‘मुगल-ए-आझम’ लागला की हे आठवून बघा, त्यांचे प्रवेश वेगळेच दिसतात. एकमेकांना ओळखून असलेल्या नवराबायकोसारखे दिसतात.

पण मला दुर्गाबाईंचं सगळ्यात आवडतं काम कोणतं, म्हणाल तर ‘अमरज्योती’, १९३६ चा, पुन्हा शांतारामांचाच. यात त्यांनी सौदामिनी नावाच्या बाईचं काम केलं. नवऱ्यापासून वेगळी झालेली सौदामिनी न्याय मागायला दरबारात जाते, तर मुलावर हक्क बापाचा, आईचा नाही, असं तिला ऐकवलं जातं. मग ती समुद्रावरची लुटारू होते. जहाज, तलवार, खालचे पुरुष तिच्या हुकमात. १९३६ साली, विचार करा! तिचा सूड, तिचा संताप, आणि आत कुठंतरी तिची आई असणं, हे सगळं दुर्गाबाईंनी उंच मानेनं केलं आहे. त्यांची अंगकाठीच तशी होती, राणीची. डोळे उचलून पाहिलं की समोरच्यानं उभं राहावं. हा सिनेमाही व्हेनिसला गेला होता. मूल कुणाचं, हा प्रश्न आजही आपल्याकडच्या कितीतरी लेकींना कोर्टाच्या पायऱ्या चढायला लावतो, तेव्हा मला सौदामिनी आठवते.

त्या नुसत्या नटी राहिल्या नाहीत. ‘साथी’ नावाचा सिनेमा त्यांनी स्वतः काढला. बाईनं सिनेमात काम करणंच जिथं पाप, तिथं बाईनं कंपनी काढणं म्हणजे काय! पुढे आचार्य अत्र्यांच्या ‘पायाची दासी’मध्ये त्या सुनेला छळणारी सासू झाल्या. ‘भरत मिलाप’मध्ये कैकेयी. नायिकेच्या वयात खाष्ट सासू व्हायला किती जणी तयार होतील? हे लोकप्रियतेच्या दृष्टीनं धोक्याचंच. पण या दोन्ही कामांसाठी त्यांना बंगालच्या चित्रपट पत्रकारांच्या संघटनेनं उत्कृष्ट अभिनेत्री ठरवलं, लागोपाठ दोन वर्षं.

आणि नाटक. सिनेमात नाव कमावलेली माणसं रंगभूमीवर सहसा परत येत नाहीत. कष्ट जास्त, पैसा कमी. दुर्गाबाई सिनेमात पाय रोवल्यावर नाटकाकडे वळल्या. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांतून त्यांनी कितीतरी कामं केली. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’मध्ये त्या आनंदीबाई होत्या. ध चा मा करणारी आनंदीबाई आपण शाळेत असल्यापासून ऐकत आलोय. १९५४ साली दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्यमहोत्सवात हे नाटक गाजलं. शिरवाडकरांनी शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’वरून ‘राजमुकुट’ लिहिलं, त्यात नानासाहेब फाटकांच्या समोर दुर्गाबाई. म्हणजे इथंही नवऱ्याला खुनाला उद्युक्त करणारी बाई. पडद्यावरची सोशिक तारामती आणि रंगमंचावरची आनंदीबाई, दोन्ही एकाच बाईनं केल्या. १९५८ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, १९६८ साली पद्मश्री.

संसाराच्या बाबतीत मात्र नशिबानं त्यांना कधी सरळ हात दिला नाही. त्यांनी दुसरं लग्न केलं, महंमद रशीद यांच्याशी. ते टिकलं नाही. विधवा बाईनं पुन्हा लग्न करायचं, तेही दुसऱ्या धर्मातल्या माणसाशी, आणि ते मोडायचं! लोकांना बोलायला पुन्हा किती विषय मिळाले असतील. दुर्गाबाई कामावर जात राहिल्या. कामावर जाणाऱ्या बाईला रडायला वेळ कमी मिळतो, हे एक बरं असतं.

मग सगळ्यात मोठा घाव. धाकटा मुलगा हरिन तरुणपणीच गेला. ज्यांच्यासाठी ती बदनामी सोसली, त्या दोघांतला एक. त्याची बायको म्हणजे विजयाबाई, ‘रंगायन’वाल्या, मराठी नाटकाचं रूप पालटणाऱ्या दिग्दर्शिका. तिच्याही पदरात दोन लहान मुलगे. म्हणजे सासूच्या वाट्याला जे आलं होतं, नेमकं तेच सुनेच्या वाट्याला. तरुण वय, दोन मुलगे, नवरा नाही, आणि नाटकाचं वेड. विजयाबाईंनी पुढे फरोख मेहता यांच्याशी लग्न केलं आणि विजया मेहता या नावानंच आपण त्यांना ओळखतो. मी पुस्तक इथं काही वेळ मिटून ठेवलं होतं. दुपारची वेळ होती, गॅसवर भात होता, तो करपला.

उतारवयातही दुर्गाबाई थांबल्या नाहीत. १९५२ मध्येच त्यांनी माहितीपट आणि जाहिरातपट काढणारी संस्था सुरू केली होती. ‘बावर्ची’, ‘अभिमान’, ‘बॉबी’ हे सगळे सत्तरीच्या आसपासचे सिनेमे. ‘बिदाई’मधल्या आईच्या कामाला फिल्मफेअर मिळालं. १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला, सिनेमातला सगळ्यात मोठा. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नव्हती, त्यांच्या नावाचा पुरस्कार प्रभातच्या तारामतीला. आणि तुम्हाला माहीत आहे का, दूरदर्शनवर १९८८ साली लागायची ती ‘वागळे की दुनिया’ दुर्गाबाईंच्याच संस्थेची होती! आर. के. लक्ष्मण यांच्या साध्या माणसाची गोष्ट. आमच्या घरी तेव्हा ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही होता आणि शेजारची चार घरं दारात बसायची. अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर सगळ्यांना पाठ, पण मागे उभी असलेली ८३ वर्षांची बाई कुणालाच ठाऊक नव्हती. मलाही नव्हती.

२२ सप्टेंबर १९९१ ला त्या गेल्या. पुढे २०१३ साली भारतीय सिनेमाच्या शंभर वर्षांनिमित्त पोस्टानं जी तिकिटं काढली, त्यात एक दुर्गाबाईंचंही होतं.

यंदाच्या मंडईत आमच्या गावात पुन्हा तीच नाटक मंडळी आली. तीच बाई होती. यावेळी तिला खलनायिकेचं काम होतं आणि तिनं ते असं काही केलं की मागच्या रांगेतल्या म्हाताऱ्या तिला शिव्या घालत होत्या. नाटक संपेस्तोवर पहाटेचे साडेचार झाले. थंडी कडाक्याची. पडद्यामागे ती बादलीतल्या गार पाण्यानं तोंडाचा रंग धूत होती आणि तिचा धाकटा बाकावर घोंगडीत झोपला होता. मी थर्मासमधला चहा पुढे केला. तिनं ओल्या हातानंच कप घेतला, दुसराही मागितला. मुलाला कोणत्या शाळेत घातलं ते सांगितलं, गणितात हुशार आहे म्हणाली. मग गाडीचा हॉर्न वाजला. रात्री पुढचा प्रयोग लाखनीकडे होता, आणि तिला मध्ये घरी जाऊन थोरल्याचा डबा करायचा होता.